न बांधलेलं तिसरं पुस्तक

१२ जानेवारी

चि. भिंगरी,

आशीर्वादाला आज सवड नाही. तुझा मसुदा आला.

आपल्या संशोधन संस्थेच्या सुवर्णमहोत्सवासाठी 'संस्थेचे मानकरी' अशा पुस्तिका निघणार आणि माझ्यावरची लिहायचं काम माझ्या सख्ख्या भाचीकडे आलं, याचा मला आनंद झाला होता. काल पाकीट फोडलं आणि तो आनंद पळून गेला. मुखपृष्ठावर 'जीवन आणि ग्रंथ' असं लिहिलं आहेस. जीवन म्हणून आत सापडलं ते एवढंच, की मी लग्न केलं नाही, कपडे फिकट रंगाचे वापरायचे आणि मी 'वरून कडक, पण आतून लोण्याहून मऊ' आहे. मी आतून मऊ नाही. कोणी आत जाऊन बोट लावून पाहिलं होतं का? माझ्या वेळचे संचालक, त्या मोठ्या साहेबांवरच्या पुस्तिकेत त्यांच्या कपड्यांचा रंग दिला आहे का, तेवढं कळव.

आता ग्रंथ. 'वाटीभर तेल' हे पुस्तक 'गृहिणींना उपयुक्त' आहे म्हणे. अगं बाई, ते स्वयंपाकाचं पुस्तक नाही. रोजची मजुरी हातात पडल्यावर जी बाई वाटीभर तेल आणि मूठभर साखर घेऊन घरी जाते, तिला तेच तेल डबा नेणाऱ्यापेक्षा महाग पडतं. गरिबीवर असा एक कर बसतो, जो कुठल्या सरकारने लावलेला नाही आणि म्हणून कुठल्या सरकारला काढताही येत नाही, एवढं त्यात म्हटलंय. 'बाजार उठताना' मधली गोष्ट निराळी. सरकारी माणसं भाव टिपायला सकाळी जातात, तीही नीटनेटक्या दुकानात. गरीब माणूस जातो बाजार उठताना, उरलासुरला माल उचलायला. तेव्हा महागाईचा जो आकडा छापून येतो तो ज्यांना महागाई टोचत नाही त्यांचा असतो. हे सिद्ध करायला मी वर्षानुवर्षं तिन्हीसांजेला पिशवी घेऊन बाजार पालथे घातले. भाजीवाल्या म्हणायच्या, एवढी शिकलेली बाई, पण हिला भाजी निवडता येत नाही, नेमकी सडकी उचलते.

इथवर मी तुझ्यावर हसण्यावारीच रागावले होते. पण शेवटच्या पानावर तू लिहिलंस, 'दुसऱ्या ग्रंथानंतर घरच्या जबाबदाऱ्यांमुळे त्यांनी संशोधनातून निवृत्ती पत्करली.' कोणाच्या घरच्या? कसल्या जबाबदाऱ्या? आणि माझं तिसरं पुस्तक कुठं आहे?

तिसरं पुस्तक घाल आणि ते वाक्य काढ. माझ्या लोण्याचं मग काय करायचं ते कर.

मावशी


२० जानेवारी

ती. मावशी,

नमस्कार. तुझं पत्र आईला वाचून दाखवलं नाही, यावरून ते कसं होतं ते तूच समज.

लोणी काढलं. कपड्यांचा रंगही काढला. मोठ्या साहेबांच्या पुस्तिकेत तो खरंच नाही, आणि हे माझ्या आधी लक्षात यायला हवं होतं. दोन्ही पुस्तकांबद्दल तू जे लिहिलंस ते जवळजवळ तुझ्याच शब्दांत घातलं आहे. सडक्या भाजीसकट.

तिसऱ्याचं मात्र कळेना. संस्थेचा नियम तुला माहीत आहे. बांधलेली प्रत ग्रंथालयात जाते, तिला दाखल क्रमांक मिळतो, आणि ज्याला दाखल क्रमांक आहे तेच संस्थेचं प्रकाशन. तुझ्या नावावर दोनच आहेत. ग्रंथपाल बाईंना विचारलं, तर त्या म्हणाल्या की एखादं मनात असेल आणि राहून गेलं असेल. तसं तर नाही ना झालं? पुष्कळांचं एक पुस्तक मनातच राहतं, त्यात कमीपणा नाही.

ते वाक्यही मी घरी बसून रचलेलं नाही. तुझ्या राजीनाम्यात तेच शब्द आहेत. आईही लहानपणापासून हेच सांगत आली, की आजी अंथरुणाला खिळली म्हणून मावशीने एवढी नोकरी सोडली. शाळेत 'माझी आवडती व्यक्ती' या निबंधात मी तेच लिहिलं होतं आणि बाईंनी तो वर्गात वाचून दाखवला होता.

मसुदा महिनाअखेर संचालक साहेबांकडे जायचा आहे. माझा करारही या वर्षी नवा व्हायचा आहे, पण त्याचा याच्याशी काही संबंध नाही. लवकर लिही.

तुझी भिंगरी


२७ जानेवारी

भिंगरी,

तुझी आजी अंथरुणाला खिळली नव्हती. तिचा पाय मुरगळला होता. मी नोकरी सोडून घरी आले तेव्हा तीच लंगडत दार उघडायला आली, आणि पुढे कित्येक महिने मी भिंतीकडे तोंड करून पडलेली असताना तिनेच मला बळजबरीने जेवायला उठवलं. जबाबदारी पडलीच असेल तर ती माझी तिच्यावर. काढून टाकलेली बहीण सांगण्यापेक्षा त्यागी बहीण सांगायला तुझ्या आईला बरी वाटली. लोकांनाही तेच ऐकायला आवडतं. बाईने काहीही सोडलं तर ते घरासाठीच, असं एकदा धरून चाललं की पुढे काही विचारावं लागत नाही.

पुस्तक मनात राहिलं नाही. ते छापलं गेलं. त्याचं नाव 'नगावर चाललेली घरं'. बाजारातल्या बायकांशी ओळखी झाल्यावर मी त्यांच्या घरी जायला लागले, तर प्रत्येक घरात शर्टांचे ढीग. बटणं लावायची, हूक लावायचे, दोरे तोडायचे, आणि नगाला जो दर ठरेल तो घ्यायचा. गठ्ठा कोण देतं? कोपऱ्यावरचा दुकानदार. त्याला कोण देतं? एक कंत्राटदार. त्याच्या मागे आणखी एक. कोणालाच मालक माहीत नव्हता. मी दारं ठोठावत गेले आणि शेवटचं दार आलं ते त्या कपड्यांच्या कंपनीचं, जिच्या संस्थापकाचं नाव आपल्या संस्थेच्या सभागृहावर कोरलेलं आहे. कारखान्यात कामगार मोजके, कायदे पाळलेले, भिंती रंगवलेल्या, कारण अर्धा कारखाना लोकांच्या स्वयंपाकघरात बसलेला. सुई बाईची, दिवा बाईचा, डोळे बाईचे, आणि शाळेतून आलेल्या पोरांचे हात फुकट. मी ते कंपनीच्या नावानिशी लिहिलं.

मुद्रितं मी स्वतः तपासली. सगळे फर्मे छापून झाले, म्हणजे छापलेले मोठे कागद घड्या घालून शिवायचे तेवढे राहिले होते. तेव्हा मोठ्या साहेबांनी बोलावलं. पुस्तक उत्तम आहे म्हणाले. मग म्हणाले की ज्याची खावी पोळी त्याची वाजवावी टाळी, एवढं अर्थशास्त्र तरी तुम्हाला यायला हवं. कंपनीचं प्रकरण गाळा. मी नाही म्हटलं. त्यांनी मान हलवली आणि चहा मागवला.

पुस्तकावर बंदी आली नाही, कोणी ते जाळलं नाही, कोणी आवाजसुद्धा चढवला नाही. फक्त बांधलं नाही. न बांधलेल्याला दाखल क्रमांक नाही, म्हणून ते पुस्तकच नाही. विचारायला गेलं की बांधणीचा कागद यायचा आहे, पुठ्ठा यायचा आहे, माणूस रजेवर आहे. मग मला खोडरबरच्या हाताखाली तक्ते जुळवायला बसवलं. खोडरबर म्हणजे तुझे आजचे संचालक साहेब. तेव्हा तो माझ्या हाताखाली होता. माझ्या तक्त्यांवरच्या पेन्सिलीच्या खुणा खोडून स्वच्छ प्रत आपल्या हाताने मोठ्या साहेबांकडे न्यायचा. राजीनाम्यातलं ते वाक्य मोठ्या साहेबांनी सांगितलं आणि खोडरबरने टंकलं.

फर्म्यांचं पुढे काय झालं ते मला कोणी सांगितलं नाही. हस्तलिखित छापखान्यातून परत आलं नाही. माझ्याकडे एक पानही नाही.

आणि तुझ्या कराराचं वाचलं. 'संबंध नाही' असं जिथे लिहावं लागतं तिथे तो असतो.

मावशी


१६ फेब्रुवारी

ती. मावशी,

तुझं पत्र खिशात घालून मी कामाला जात होते. विश्वास ठेवायचा की नाही हे ठरत नव्हतं, हे तुला सांगते, कारण तुझ्याशी खोटं बोललेलं पचत नाही.

आमच्या खोलीत मोठ्या साहेबांच्या 'समग्र लेखना'चे सगळे खंड आहेत. महोत्सवाच्या प्रदर्शनासाठी ते बाहेर काढले. एकाची पाठ उसवून लोंबत होती, ती दाबून बसवायला गेले तर कापड हातात आलं. तुला माहीतच असेल, पाठ घट्ट राहावी म्हणून आतून रद्दी कागदाच्या पट्ट्या चिकटवतात. त्या पट्टीवर छपाई होती. आडवी धरून वाचली. 'बटणं लावणाऱ्या बाईला आपण कोणासाठी काम करतो हे माहीत नसतं, आणि ते तिला माहीत नसावं यासाठीच मधली माणसं' एवढंच, पुढे फाटलेलं.

मी बांधणी विभागात गेले. तिथल्यांना त्यात लपवण्यासारखं काहीच वाटलं नाही. गोदामात जुने फर्मे पडून होते, कागद जाड आणि चांगला होता, म्हणून समग्र लेखनाच्या बांधणीला वापरला. संपला तेव्हा दुसरा घेतला. मी आणखी एक खंड उघडला, मग आणखी एक. मावशी, त्या माणसाची सगळी विद्वत्ता तुझ्या पुस्तकाच्या चिंध्यांवर उभी आहे. मला रडू आलं नाही. एखाद्याच्या थोबाडीत मारावीशी वाटली आणि मारायला समोर कोणी नव्हतं.

त्याच दुपारी संचालक साहेबांना पट्ट्या दाखवल्या. मला वाटलं ते चिडतील. उलट त्यांनी बसायला सांगितलं, तू कशी आहेस विचारलं, तुझ्यासारखी बुद्धी पाहिली नाही म्हणाले. तिसरं पुस्तक घालायचं म्हटल्यावर म्हणाले, 'वगळायचं असं काहीच नाही. बघू या.' मी नवं प्रकरण लिहून दिलंय आणि ते वाक्य काढलंय. आता काळजी करू नकोस.

भिंगरी


२१ फेब्रुवारी

भिंगरी,

वाचलं. उठून घरभर फिरले. कपाटातले मोठ्या साहेबांचे खंड काढले, मला संस्थेने भेट पाठवलेले, आणि एकेकाची पाठ सोलली. माझ्या खंडांत कोरा कागद निघाला. नशीबसुद्धा बघ, माझ्या वाट्याला माझी पट्टीदेखील नाही.

मला आजवर वाटायचं की त्यांनी ते पुस्तक घाबरून दडवलं. घाबरले असते तर जपून ठेवलं असतं, कुलपात तरी. ते घाबरले नव्हते. कागद जाड होता म्हणून वापरला. याचा मला जितका संताप आला तितका राजीनाम्याच्या दिवशीही आला नव्हता.

खोडरबरबद्दल एक लक्षात ठेव. 'बघू या' म्हणजे नाही. तुला बसायला सांगून तुझं कौतुक केलं ना? म्हणजे नक्की नाही. त्याच्याकडून लेखी घे.

मावशी


२ एप्रिल

भिंगरी,

पुस्तिका आली. तुझ्याकडून नाही, कार्यालयाकडून, छापील आमंत्रणासोबत. सुवर्णमहोत्सवाला माझा सत्कार आहे म्हणे.

कागद सुरेख आहे. दोन पुस्तकांवर तू चांगलं लिहिलं आहेस, ते कबूल. शेवटचं पान उघडलं. 'घरच्या जबाबदाऱ्यांमुळे.' तिसरं पुस्तक नाही. आणि खाली लेखिका म्हणून तुझं नाव.

दीड महिना तुझं पत्र नाही तेव्हाच मला कळायला हवं होतं. मी आपली समजत होते की पोरगी कामात असेल. आता पत्र आलंच तर त्यात छापखान्याची चूक म्हणून लिहू नकोस. छापखाना वेलांट्या चुकवतो, माणसाचं आयुष्य चुकवत नाही. खोडरबरचं मला काही वाटत नाही, त्याचा जन्मच त्यासाठी. मोठे साहेब परके होते. पण तू त्या पट्ट्या हातात धरल्या होत्यास. वाचल्या होत्यास. आणि तरी खाली नाव घातलंस.

मी सत्काराला येणार नाही. मला पत्रही नको.

मावशी


८ एप्रिल

ती. मावशी,

नको म्हटलंस तरी पत्र पाठवते. हवं तर न वाचता फेकून दे, पण तू फेकणार नाहीस.

मी लेखी मागितलं होतं. संचालक साहेबांनी माझा करार समोर ठेवला. नवा, महोत्सवानंतर सही व्हायचा. त्याच्या शेजारी माझं प्रकरण, तांबड्या शाईने आडवं छेदलेलं. मी ते वाक्य परत घातलं आणि घरी आले, तुला काय लिहायचं ते सुचेना, म्हणून काहीच लिहिलं नाही. यात भित्रेपणा आहे, तो तू मला शिकवायची गरज नाही.

आता माझंही ऐक. तू मला राजीनाम्यातलं वाक्य मोठ्या साहेबांनी सांगितलं आणि खोडरबरने टंकलं एवढं लिहिलंस. खाली सही कोणी केली ते लिहिलं नाहीस. तू केलीस. का केलीस तेही मला कार्यालयात विचारल्यावर कळलं. घरच्या कारणासाठी जाणाऱ्याला निवृत्तिवेतन मिळतं आणि भांडून जाणाऱ्याला मिळत नाही. त्या वाक्यावर तू आजवर जगली आहेस. तुझं घर, तुझी औषधं, तुझा हा ताठ कणा, सगळं त्या एका वाक्याच्या जोरावर. आणि मी तेच वाक्य लिहिलं तर मी नालायक? माझ्याकडे तर निवृत्तिवेतनही नाही, वर्षावर्षाचा करार आहे. दोन खोल्यांचं भाडं आहे, आईचे गुडघे आहेत. उंटावरून शेळ्या हाकणं सोपं असतं, मावशी. खाली उतरून बघ.

हे लिहिताना मला वाईट वाटत नाही. उद्या वाटेल.

भिंगरी


१९ एप्रिल

भिंगरी,

वाचलं. फेकलं नाही.

सही मी केली. त्या वाक्याचा मोबदला मला दर महिन्याला मिळत आला आणि मी तो घेत आले. मी तो पुरा वसूल केला, आणि जास्त जगून आणखी वसूल करणार आहे, कारण तो माझ्या नोकरीचा पैसा आहे, त्यांच्या मेहेरबानीचा नाही. सही मागणाऱ्याची लाज सही करणाऱ्या बाईने का वाहायची? हे तुलाही लागू आहे. तू बरोबर बोललीस म्हणून मला जास्त राग आला. अजून आहे. पण तो आता जिथे जायला हवा तिकडे वळला आहे.

तेव्हा नीट ऐक. नोकरी सांभाळ. सत्काराच्या दिवशी माझ्या वतीने तुला व्यासपीठावर बोलावतील, शाल की काय ते घे, पुस्तिकेतला परिच्छेद वाच आणि खाली उतर. शहाणपणा करू नकोस. एका घरात एक भिंतीकडे तोंड करून पडलेली बाई पुरे. गुडघ्यांना कोमट पाण्याचा शेक द्यायला आईला सांग.

मावशी


५ मे

ती. मावशी,

तुझं ऐकलं नाही.

खरं सांगते, ऐकायचंच ठरवून गेले होते. परिच्छेद पाठ होता. पण माझ्या आधी संचालक साहेब उभे राहिले आणि तुझ्याबद्दल बोलले. शिखरावर असताना आईच्या सेवेसाठी सगळं सोडणारी स्त्री, असं म्हणाले. आजच्या पिढीने हे शिकावं, म्हणाले. आणि टाळ्या पडल्या. अख्खं सभागृह, पहिल्या रांगेतली कंपनीची माणसंसुद्धा, तुझ्या त्यागाला टाळ्या वाजवत होती. आई माझ्या शेजारी बसली होती. तिचेही हात वर गेले आणि मग मांडीवर पडले. ती माझ्याकडे बघेना.

मी वर गेले आणि पुस्तिका मिटली. म्हणाले, 'माझी मावशी घरासाठी गेली नाही. तिला घालवलं. तिचं तिसरं पुस्तक याच संस्थेने छापलं, बांधलं नाही, आणि फाडून दुसऱ्याच्या पुस्तकांना चिकटवलं. पुस्तिकेतलं ते वाक्य खोटं आहे आणि ते माझ्या नावावर आहे, म्हणून मी ते परत घेते.' पुस्तकात काय होतं तेही सांगितलं, कंपनीच्या नावासकट. कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. पहिल्या रांगेतल्या एका बाईंनी पाणी मागितलं. संचालक साहेब हसून म्हणाले की भाचीच्या भावना आपण समजू शकतो, आणि पुढच्या मानकऱ्याचं नाव पुकारलं.

घरी आल्यावर दार उघडताना आई म्हणाली, 'मी तुला खोटं सांगत आले, कारण खरं मला सांगता यायचं नाही.' मग शेक घ्यायला बसली.

करार नवा झाला नाही. पण घाबरू नकोस, अगदीच उघड्यावर पडलेले नाही. कार्यालयातून निरोप आला, की मुद्रितं तपासायचं काम घरी बसून करा, माणूस गठ्ठा आणून देईल आणि घेऊन जाईल. पानामागे दर आहे. थोडा कमी आहे, पण आईजवळ राहता येतं. पुस्तकात नाव येणार नाही एवढंच. खिडकीशी टेबल लावलंय, चांगला दिवा घेतलाय. आई मूळ प्रत वाचून दाखवते आणि मी मुद्रित बघते, म्हणजे काम भराभर होतं. रात्रंदिवस बसलं तर भाडं निघेल. सोय झाली म्हणायची.

तुझी भिंगरी


९ मे

चि. भिंगरी,

मूर्ख मुली. नोकरी सांभाळ म्हणून सांगितलं होतं. भाडं निघेल की नाही याची चिंता तुला दिसत नाही, म्हणून ती मी करते आहे. तुझं सभागृहातलं बोलणं मी तुझ्या पत्रात पुन्हा पुन्हा वाचलं. शेजारणीला वाचून दाखवलं. ती म्हणाली, तुमच्यावर गेली आहे. मी म्हटलं, माझ्यावर गेली असती तर सही करून आली असती.

पण तुझ्या पत्राच्या शेवटाला मी ताडकन उठले. तू काय लिहून पाठवलं आहेस ते तुला कळलं तरी का? गठ्ठा येतो, गठ्ठा जातो. नगाला दर. तो ते सांगणार. दिवा तू घेतलास. म्हातारी आई शेजारी बसून फुकट राबते आणि त्याला तू भराभर होणं म्हणतेस. नाव कुठेच नाही. ज्या संस्थेने माझं पुस्तक बांधलं नाही, तिनेच ते तुझ्या घरी चालवायला घेतलं आहे, आणि तू म्हणतेस सोय झाली!

जुनं पुस्तक गेलं. त्या पट्ट्या जोडत बसायचं वेड डोक्यात असेल तर काढून टाक. शिळ्या कढीला ऊत आणायचा नाही. मेलेल्या आकड्यांवर रडण्यापेक्षा जिवंत आकडे गोळा करायचे. मला जिने चढवत नाहीत, ते तू चढायचे. प्रश्न मी काढते, हात अजून चालतो. संस्था नाही, दाखल क्रमांक नाही, सभागृह नाही, तेव्हा कोणी बांधणी थांबवायचीही सोय नाही.

पहिली नोंद तुझी. भाचीपणा न करता, दुसऱ्या कोणाबद्दल लिहावं तसं लिहायचं. दर कोण ठरवतं? ठरवताना तुला विचारलं का? दिव्याचा आणि विजेचा खर्च कोणाचा? घरातलं आणखी कोण हात लावतं आणि त्याला काय मिळतं? काम नको म्हटलंस तर ते कुठे जाईल?

उलट टपाली.

मावशी


१३ मे

ती. मावशी,

दर ते ठरवतात. मला विचारलं नाही. दिवा माझा, वीज माझी, तांबडी पेनंसुद्धा माझी. आई हात लावते, तिला काही मिळत नाही. तिला हा प्रश्न विचारला तर म्हणाली की मी कुठे काम करते, मी तर नुसती वाचते.

नको म्हटलं तर काम कुठे जाईल, हे मला माहीत नव्हतं. म्हणून गठ्ठा आणणाऱ्याला विचारलं. तो म्हणाला, फार लांब नाही, वरच्या मजल्यावरच्या बाईंकडे. तुमच्याच जिन्यात, ताई. आम्ही दोघी रोज एकमेकींना भेटतो आणि हवा किती तापली आहे ते बोलतो.

काल संध्याकाळी वर गेले. टेबल खिडकीशीच होतं. तिची मुलगी गृहपाठ बाजूला ठेवून मूळ प्रत वाचून दाखवत होती. मी दर विचारला. ती आधी सांगेना, मग सांगितला. माझ्यापेक्षा कमी आहे. संस्था तीच, मुद्रित तेच, एका पुस्तकाची अर्धी पानं माझ्याकडे आणि अर्धी तिच्याकडे. कमी का, म्हणून तिने विचारलं होतं. त्यांनी सांगितलं, तुम्हाला नवरा आहे ना.

ही दुसरी नोंद. पुढचे प्रश्न पाठव.

भिंगरी